सांधा आधी, शोभा नंतर: टाकाऊ वस्तूंतून पहिले शिल्प

खानदेशात टाकाऊ वस्तू शोधायला लांब जावे लागत नाही. रावेर-यावलकडे केळीच्या बागांच्या बांधावर ठिबकच्या जुन्या नळ्यांची वेटोळी वर्षानुवर्षे पडून असतात, जळगावच्या चटई कारखान्यांतून रंगीत प्लास्टिकचे कापलेले काठ निघतात, आणि तालुक्याच्या प्रत्येक गावी सायकलींचे सांगाडे, पोचलेली जर्मनची भांडी व मोडक्या मोटारींचे सुटे भाग साठवणारी दोन-चार भंगारची दुकाने असतातच. नवशिक्याची खरी अडचण या वस्तू एकमेकींशी जोडण्याची आणि त्या जोडलेल्या राहण्याची असते. म्हणून हा लेख आकार, रंग किंवा कल्पनाशक्ती यांपासून सुरू न करता सांध्याभोवती फिरणार आहे.

याला कारण माझे स्वतःचे पहिले काम आहे. बाटल्यांची झाकणे आणि जुन्या सीडी यांचा एक मोर मी ग्लू गनने चिकटवून तयार केला होता. हिवाळ्यात तो दिवाणखान्यात दिमाखाने उभा होता. मे महिन्यात घराला रंग देताना तो गच्चीवर ठेवला गेला आणि दुपारी दोनच्या सुमारास वर जाऊन पाहिले तेव्हा पिसारा घसरून पायाशी गोळा झाला होता, प्रत्येक सीडीमागे गोंदाचा लांब तंतू लोंबत होता. जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा ४५ अंशांपर्यंत जातो, उन्हातला पत्रा किंवा काळे प्लास्टिक त्याहून कितीतरी अधिक तापते, आणि ग्लू गनचा गोंद तर मुळात उष्णतेने वितळवूनच लावलेला असतो. ज्या गुणामुळे तो चटकन चिकटतो त्याच गुणामुळे आपल्या उन्हाळ्यात तो सुटतो. त्यानंतर मी ग्लू गन फक्त तुकडे तात्पुरते जागेवर धरून ठेवण्यापुरती वापरतो.

काय आणावे, काय आणू नये

सुरुवातीला एका कामात तीन किंवा फार तर चार प्रकारची सामग्री घ्यावी. घरातील प्रत्येक टाकाऊ वस्तू एकाच शिल्पात बसवण्याचा मोह होतो आणि त्यातून उकिरड्याचीच प्रतिकृती तयार होते. पिकासोने १९४२ मध्ये सायकलची एक सीट आणि एक हँडल एवढ्याच दोन वस्तू एकमेकींना जोडून बैलाचे मस्तक केले. सीट हा चेहरा, हँडल ही शिंगे, आणि सांधा एकच. पोळ्याला बैलाच्या शिंगांना बेगड लावताना ज्यांनी तो बाक जवळून पाहिला आहे, त्यांना हँडलकडे पाहून शिंगे आठवायला पिकासोची गरज पडू नये. परंतु दोनच वस्तूंवर थांबण्याचा संयम मात्र त्याच्याकडून घेण्यासारखा आहे.

जवळच मिळणाऱ्या सामानातून मोठे काम उभे करण्याचा धडा तर खानदेशातच घडलेला आहे. डिसेंबर १९३६ मध्ये फैजपूर येथे काँग्रेसचे खेड्यात भरलेले पहिले अधिवेशन झाले, त्याच्या सजावटीचे काम गांधीजींनी शांतिनिकेतनच्या नंदलाल बोस यांच्याकडे सोपवले होते आणि खेड्यात मिळणाऱ्या साध्या वस्तूंतूनच ते करावे असा आग्रह धरला होता. बोस यांनी बांबूसारख्या सामानातून ते साधले. ती सामग्री टाकाऊ नव्हती, पण ‘बाहेरून काही आणायचे नाही’ हा तेथला नियम नवशिक्याने जसाच्या तसा उचलावा. पायी किंवा सायकलीवर जाऊन जे मिळेल तेवढ्यातच पहिले वर्ष काढावे.

आता काय आणू नये ते. कीटकनाशकाचे डबे आणि बाटल्या कितीही वेळा धुतल्या तरी कलाकृतीत घेऊ नयेत. कापसाच्या पट्ट्यात त्या सर्वत्र दिसतात, रंगाने आकर्षक असतात आणि म्हणूनच हे ठळकपणे सांगावे लागते. वाहनांच्या जुन्या बॅटऱ्यांत शिसे व आम्ल असते, त्या उघडू नयेत. जुन्या सिमेंटच्या पन्हाळी पत्र्यांत ॲस्बेस्टॉस असण्याची शक्यता असल्याने ते कापू, घासू किंवा फोडू नयेत. फुगीर काचेच्या जुन्या दूरचित्रवाणी संचाची पिक्चर ट्यूब आतून निर्वात असते आणि फुटल्यास काच जोराने उडते. मोटारसायकलच्या शॉकॲब्सॉर्बरमध्ये दाबून बसवलेली स्प्रिंग आणि कधी कधी दाबाखालचा वायू असतो, तर पेट्रोलची टाकी रिकामी दिसली तरी तिच्यात वाफ उरलेली असते आणि अशा टाकीवर वेल्डिंग केल्यास स्फोट होतो. तांब्याची तार मिळवण्यासाठी वायरींचे वेष्टण जाळणे ही वाईट सवय आपल्याकडे बरीच आहे. ते वेष्टण बहुधा पीव्हीसीचे असते आणि जळताना त्यातून हायड्रोजन क्लोराइड हा दाहक वायू निघतो. वेष्टण ब्लेडने सोलून काढावे.

भुसावळ, चाळीसगाव किंवा अमळनेरच्या वाचकांसाठी एक स्वतंत्र सूचना द्यायला हवी. रुळांच्या कडेला पडलेले जाड खिळे, रूळ जोडणाऱ्या पट्ट्या म्हणजे फिशप्लेट, स्प्रिंगसारख्या वळवलेल्या क्लिपा यांचे आकार कोणालाही भुरळ घालतील असे असतात. त्या उचलू नयेत. रेल्वे मालमत्तेच्या बेकायदा ताब्याविषयीचा १९६६ चा कायदा अशा वस्तू नुसत्या जवळ बाळगण्यालाही लागू होतो, आणि ‘शिल्पासाठी घेतले’ हे उत्तर तेथे चालत नाही. रेल्वे आपले भंगार लिलावाने विकते. तेथून आलेला माल दुकानात दिसला तर पावतीसह घ्यावा, अन्यथा सोडून द्यावा.

पऱ्हाटीविषयीही थोडे सांगतो. कापसाच्या वाळलेल्या काड्यांचा फाटा सुंदर असतो, तारेने चांगला बांधला जातो, आणि शेतकरी त्या आनंदाने देतो. परंतु पऱ्हाटीवरच्या वाळलेल्या बोंडांत गुलाबी बोंडअळी दडून राहते, म्हणूनच हंगाम संपल्यावर पऱ्हाटी शेतात किंवा बांधावर साठवू नये असे कृषी विभाग सांगत असतो. आणायचीच असेल तर बोंडे पूर्ण काढून तेथेच नष्ट करावीत आणि लागतील तेवढ्याच काड्या आणाव्यात.

भंगारच्या दुकानात

दुकानात सकाळी लवकर जावे, कारण दुपारनंतर फेरीवाल्यांच्या हातगाड्या परत येतात आणि काट्यासमोर रांग लागते. मालक आपल्याकडे पाहतो तो वजनाने विकत घेणारा व विकणारा माणूस म्हणून. आपण मात्र आकार शोधत असतो. हा फरक त्याला पहिल्याच भेटीत सांगून टाकावा. ‘वस्तू बनवतो, निवडून थोडेच घेईन, भाव तुमचा’ असे मोकळेपणाने म्हटले की बहुतेक दुकानदार ढिगात हात घालू देतात, आणि तिसऱ्या-चौथ्या खेपेला काही आकाराने वेगळे आले तर बाजूला काढून ठेवतात. घासाघीस फार करू नये, कारण एका शिल्पाला लागणारे सामान दोन-तीन किलोंच्या वर क्वचित जाते.

दुकानातील भाषा शिकून घ्यावी, कारण ती सामग्रीची ओळखही शिकवते. ॲल्युमिनियमला तेथे ‘जर्मन’ म्हणतात, ओतीव लोखंडाला ‘बीड’, आणि पातळ लोखंडी चादरीच्या सगळ्या मालाला नुसते ‘पत्रा’. खिशात एक लहान चुंबक ठेवावे. तो चिकटला तर लोखंड किंवा बीड. नाही चिकटला तर जर्मन, पितळ, तांबे किंवा घरातील भांड्यांचे स्टील. लोखंड आणि बीड यांतील फरक नवशिक्याला नंतर महागात पडतो, म्हणून तो येथेच ओळखावा. बीड मोडलेल्या जागी दाणेदार, करडे दिसते. ते वाकत नाही, तुटते. जुन्या शेगडीचा सांगाडा, शिलाई मशीनचा पाय, पाणी ओढण्याच्या पंपाचे कवच हे सगळे बीड. वेल्डिंगच्या साध्या कांडीने ते जोडायला गेले की शेजारीच तडा जातो. बीडला भोक पाडून बोल्ट लावणे हाच आपल्यासारख्यांचा मार्ग.

प्लास्टिकची परीक्षा हाताने करावी. तुकडा वाकवून पाहावा. घडीवर पांढरी रेघ उमटून तो तडकला, तर उन्हाने त्याचा जीव गेला आहे असे समजून परत ढिगात टाकावा. खताच्या विणलेल्या गोण्या वर्षभर उन्हात राहिल्या की बोटांत भुगा होतात. ठिबकच्या नळ्या मात्र टिकतात, कारण त्यांच्या प्लास्टिकमध्ये बारीक काजळी मिसळलेली असते व ती ऊन शोषून घेऊन आतील पदार्थ वाचवते. नळीचा काळा रंग म्हणजे तिचे कवच आहे.

सांधे

कोणते चिकटते आणि कोणते चिकटत नाही, एवढे कळले तरी निम्मे काम झाले. लाकूड, पुठ्ठा, कागद व सुती कापड यांना पांढरा फेव्हिकॉल पुरतो, मात्र तो पावसात टिकेल अशी अपेक्षा ठेवू नये. धातू, काच व चिनी मातीला दोन भाग समान घेऊन मळायची इपॉक्सीची लांबी (पुट्टी), म्हणजे बाजारात एम-सील म्हणून मागितली जाते ती, चालते. पण दोन्ही पृष्ठभाग सँडपेपरने खरखरीत केले आणि तेल पूर्ण काढले तरच. चंदीगडच्या रॉक गार्डनमध्ये नेकचंद यांनी फुटक्या बांगड्या, कपबशा आणि विजेच्या सामानाचे तुकडे सिमेंटमध्ये बसवले. १९७६ मध्ये ती बाग लोकांसाठी खुली झाली आणि आजही उभी आहे, कारण सिमेंट तुकड्याला केवळ चिकटत नाही, त्याला कडेने धरून ठेवते.

ठिबकच्या नळीला आणि दुधाच्या पिशवीला मात्र काहीच चिकटत नाही. दोन्ही पॉलिथिनच्या, आणि पॉलिथिनचा पृष्ठभाग गोंदाला थाराच देत नाही. नवशिके येथे महागडे गोंद आणून पाहतात. तो खर्च करू नये. ज्याला गोंद चालत नाही त्याला टोचावे, शिवावे, बांधावे. आपल्या घरात गोधडी शिवणाऱ्या आजीने आयुष्यात कधी गोंद वापरलेला नसतो, तरी जुन्या लुगड्यांचे सात थर ती पन्नास वर्षे एकत्र ठेवते. बाज विणणारा माणूस सुतळीच्या नुसत्या ताणावर माणसाचे वजन पेलतो. टाकाऊ वस्तूंच्या कामासाठी हीच दोन माणसे गुरू म्हणून पुरेशी आहेत, आणि ती बोलावल्यास घरी येतात.

बांधणीची तार सळ्या बांधणाऱ्या गवंड्यांकडे असते ती घ्यावी; ती मऊ असते, हाताने वळते, आणि पकडीने तीन-चार पीळ दिले की घट्ट बसते. पाचवा पीळ बहुधा तार तोडतो. ती गंजते, म्हणून बाहेर ठेवायच्या कामाला जस्ताचा मुलामा असलेली तार वापरावी. पत्र्याला पत्रा जोडताना रिबिट, आणि जाड वस्तूंना नट-बोल्ट व दोन्ही बाजूंनी वायसर. आणखी एक बाब कामाच्या पहिल्या पावसाळ्यानंतर कळते: जर्मनला तांब्याच्या तारेने बांधले आणि तेथे पाणी साचत राहिले, तर दोन धातूंच्या स्पर्शाने जर्मन झपाट्याने खाल्ले जाते. तेथे मधे सायकलच्या ट्यूबचा तुकडा घालावा.

वेल्डिंगचा मोह पहिली दोन वर्षे टाळावा असे माझे मत आहे. एखादा सांधा वेल्डिंगशिवाय जमतच नसेल तर तो भाग वेल्डिंगच्या दुकानात नेऊन करून घ्यावा, आणि जस्ताचा मुलामा असलेला पाइप वा जाळी असेल तर कारागिराला ते आधी सांगावे. जस्ताचा पांढरा धूर छातीत गेला की संध्याकाळी थंडी-ताप भरतो.

पहिले काम: पिंगळा

आता प्रत्यक्ष एक वस्तू करू. ठिबकच्या नळीची पिसे, सायकलच्या भागांचे डोळे आणि नळाच्या तोटीची चोच असा सुमारे ३० सेंटीमीटर उंच पिंगळा. घरातील वडीलधाऱ्यांना घुबडाच्या जातीचे काही दारात नको असेल तर त्यांच्याशी वाद घालू नये. पिसांची पद्धत तीच ठेवून बगळा किंवा कोंबडा करता येतो.

सामान असे लागेल. १६ मिलिमीटर व्यासाची जुनी ठिबक नळी, वाया जाईल ते धरून ७ मीटर. साधारण १२ मिलिमीटर चौकटीची लोखंडी जाळी, ५३ सेंटीमीटर लांब व ३० सेंटीमीटर रुंद. सायकलची एकसारखी दोन फ्रीव्हील (मागच्या चाकाची दातेरी चक्रे), शक्यतो १८ दात्यांची, आणि सायकलच्या घंटीच्या दोन वाट्या. अर्ध्या इंची जुनी तोटी व तिला बसणारा चेकनट. साधारण १६ सेंटीमीटरची पोचलेली जर्मनची ताटली. बाभळीच्या जुन्या लाकडाची २५ सेंटीमीटर चौरस फळी, ३-४ सेंटीमीटर जाड. मोडलेल्या बैलगाडीचे लाकूड मिळाले तर सोन्याहून पिवळे. याशिवाय तार, दोन लांब बोल्ट, मोठे वायसर आणि यू आकाराचे खिळे. हत्यारांत पक्कड, पत्रा कापायची कातरी, चांभाराची आरी, कानस, पान्हा आणि ड्रिल. हातमोजे व चष्मा हे हत्यारांतच धरावेत. पत्र्याने खोल कापले तर जखम साबणाने धुऊन धनुर्वाताच्या इंजेक्शनाविषयी त्याच दिवशी डॉक्टरांना विचारावे.

नळी आधी धुवावी. तिच्यातून खते सोडलेली असतात, म्हणून ते पाणी गुरांच्या हौदाजवळ जाऊ देऊ नये. धुतल्यावरही ड्रिपरच्या भोकांभोवती क्षारांचे पांढरे डाग राहतात आणि शेतकरी ते आम्लाने काढतो. आपण ते मुळीच काढू नयेत. पिंगळ्याच्या अंगावर पांढरे ठिपके असतात, आणि खानदेशच्या जड पाण्याने ते आपल्यासाठी फुकट काढून ठेवलेले आहेत. पिसे कापताना असे डागाळलेले तुकडे वेगळे ठेवून छातीवर लावावेत.

नळीचे ७ सेंटीमीटरचे तुकडे करावेत. इनलाइन नळी असेल तर तिच्यात ठरावीक अंतरावर आत ड्रिपर बसवलेला असतो आणि कातरी तेथे अडते. तेवढा भाग सोडून कापावे. प्रत्येक तुकडा एका बाजूने उभा चिरावा. चिरल्यावर तो पन्हळीसारखा वळलेलाच राहतो, म्हणून स्वयंपाकाला न वापरल्या जाणाऱ्या भांड्यात पाणी उकळून त्यात तुकडे दोन-तीन मिनिटे ठेवावेत. ठिबकचे जोड बसवताना शेतकरी नळीचे टोक गरम पाण्यात बुडवतात, तीच ही युक्ती. चिमट्याने बाहेर काढून फळीखाली दाबले की तुकडा बराचसा सपाट होतो. पूर्ण सपाट नको आहे; थोडा बाक राहिला तरच ते पीस वाटते. मग एका टोकाला पानासारखा निमुळता आकार द्यावा आणि दुसऱ्या टोकापासून एक सेंटीमीटर आत आरीने दोन भोके पाडावीत. अशी ऐंशीएक पिसे लागतील. हे काम कंटाळवाणे आहे, दोन संध्याकाळी त्यात जातात, आणि शेजारची मुले बसवली तर एकीतच संपते. फक्त आरी आणि कातरी मोठ्यांच्या हाती ठेवावी.

जाळी अजून जमिनीवर सपाट असतानाच चेहरा बसवावा, कारण गुंडाळल्यावर आत पान्हा चालवणे अवघड होते. जाळीच्या लांबीचा मध्य काढून वरच्या काठापासून ७ सेंटीमीटर खाली, मध्यापासून दोन्हीकडे ४-४ सेंटीमीटरवर डोळ्यांच्या जागा खुणाव्यात. फ्रीव्हीलच्या मधले भोक मोठे असते, ते घंटीच्या वाटीने झाकले जाते: बोल्ट वाटीतून, मग फ्रीव्हीलमधून, मग जाळीतून, आणि मागे मोठा वायसर व नट. वाटीचे भोक बोल्टाला लहान पडले तर ते कानशीने वाढवावे. फ्रीव्हीलचे दाते डोळ्याभोवतीच्या पिसांसारखे दिसतात, आणि चकचकीत वाटीत समोरचे अंगण लहानसे होऊन उमटते. चोचीसाठी दोन्ही डोळ्यांच्या मधे, किंचित खाली जाळीचा एक छेद, म्हणजे दोन तारा एकमेकींना ओलांडतात ती जागा, कापून काढावा. १२ मिलिमीटरच्या जाळीत एक छेद गेला की तोटीची आट्यांची शेपटी आत जाण्याएवढी जागा होते. मागून चेकनट फिरवला की काम झाले. तोटीचे तोंड खाली वळलेले असते तशीच पिंगळ्याची चोच असते, आणि या वस्तूने आपला सांधा स्वतःबरोबरच आणलेला आहे. ढिगात अशा वस्तूंकडे नजर आधी जायला लागली की हात बसू लागला असे समजावे.

नट सध्या सैल ठेवून जाळी गुंडाळावी, ३ सेंटीमीटर एकावर एक घेऊन तारेने शिवावी म्हणजे साधारण १६ सेंटीमीटर व्यासाचा नळकांडा तयार होतो. मग नट पूर्ण आवळावेत. चेहऱ्याकडे वजन जास्त असल्याने हा सांगाडा पुढे कलतो. तो फळीच्या थोड्या मागच्या बाजूला ठेवून खालची तार सहा ठिकाणी यू खिळ्यांनी फळीत ठोकावी. बाभूळ कठीण असते, खिळा वाकतो. आधी बारीक ड्रिल मारून घ्यावे.

पिसे खालून वर लावावीत, घरावरच्या कौलांसारखी. पहिली ओळ फळीपासून ७ सेंटीमीटर उंचीवर बांधावी म्हणजे पिसांची टोके फळीलगत येतात, आणि पुढची प्रत्येक ओळ साडेतीन सेंटीमीटर वर. एका ओळीत बारा पिसे येतात. चेहऱ्याच्या जागी ती सोडायची. पहिल्या ओळीच्या दोन पिसांच्या फटीवर दुसऱ्या ओळीचे पीस यावे. तार आतून बाहेर काढून पिसाच्या दोन भोकांतून घ्यावी आणि पीळ बाहेरच्या बाजूला द्यावा, कारण वरची ओळ तो झाकणारच आहे. माझ्या पहिल्या प्रयत्नात मी घाईने वरून खाली लावत आलो होतो. परिणामी सगळे पीळ दिसत राहिले आणि पक्षी टाके घातलेल्या रुग्णासारखा दिसू लागला. चाळीस पिसे उलगडून पुन्हा बसवावी लागली. शेवटची ओळ लागल्यावर ताटलीच्या काठाला चार भोके पाडून ती पालथी झाकावी व तारेने बांधावी. वरचे पीळ तिच्या काठाखाली जातात.

उभे राहून दोन-तीन मीटरवरून पाहावे. एखादी ओळ तिरकी दिसेल, पिसे कुठे ताठ उभी राहिली असतील. ती हेअर ड्रायरच्या गरम हवेने हलकेच वाकवता येतात. उघडी ज्योत वापरू नये.

रंग, जागा आणि देखभाल

नळीवर रंग टिकत नाही, पापुद्रे निघतात. तिला काळेच राहू द्यावे. लोखंडी भागांचा गंज आवडत असेल तर तारेच्या ब्रशने सुटा भुगा काढून जवसाच्या तेलाचा पातळ हात द्यावा. त्यात एक धोका आहे आणि आपल्या हवेत तो अधिक आहे: जवसाचे तेल वाळताना उष्णता सोडते, आणि तेलाने भिजलेल्या चिंध्या गोळा करून कोपऱ्यात टाकल्यास त्या आपोआप पेट घेऊ शकतात. चिंध्या पसरून वाळवाव्यात किंवा पाण्यात बुडवून मग टाकाव्यात. गंज नको असेल तर वस्तू जोडण्यापूर्वीच व्हिनेगरमध्ये रात्रभर ठेवून, सोड्याच्या पाण्याने धुऊन, उन्हात कोरडी करून लगेच रेड ऑक्साइड या गंजरोधक रंगाचा हात मारावा. एक रात्र तशीच राहिली तर गंज परत येतो.

पिंगळा ओसरीत किंवा झाडाखाली ठेवावा. वैशाखाच्या वाऱ्यात गच्चीवर ठेवायचा असल्यास फळी खाली बांधून टाकावी. पहिल्या पावसाळ्यानंतर, साधारण दसऱ्याच्या साफसफाईत, प्रत्येक ओळ हाताने चाचपून पाहावी आणि गंजून तुटलेली तार बदलावी. पिसे तीच राहतात.

उरलेल्या सामानाचे ढीग वेगळे करावेत. नळीचे कापलेले तुकडे आणि ड्रिपर एका गोणीत, लोखंड दुसऱ्या, जर्मन तिसऱ्या. सगळे एकत्र नेले तर दुकानदार सर्वांत कमी भावाने मोजतो, वेगळे नेले तर तेच सामान थोडे पैसे परत देते. पुढच्या कामाला एवढे भांडवल बहुतेक वेळा पुरते, आणि नेताना तोटी कोणत्या ढिगात दिसते तेही बघून घ्यावे, कारण पिंगळा पाहून गेलेला पहिला पाहुणा जोडीदार मागतोच.